निम्म्याचं निम्मं दुखणं

मिडफिल्डर हा संघाचा आत्मा असतो. आघाडीचा खेळाडू गोल करतो, गोलकीपर तो अडवतो, पण संघ श्वास घेतो तो मधल्या माणसाच्या छातीने. हे मत आमच्या क्लबच्या अध्यक्षांचं होतं आणि ते त्यांनी नव्या इंग्लिश मिडफिल्डरच्या स्वागताला माईकवरून मांडलं. मांडताना त्यांनी आत्म्याचं आडनाव दोनदा चुकवलं. तिसऱ्यांदा चुकवण्याआधी कोणीतरी त्यांच्या हातात कागद दिला.

मी त्या क्लबचा डॉक्टर होतो. आठवड्याचे चार दिवस वेस्टमीडच्या माझ्या दवाखान्यात रुग्ण तपासायचो आणि उरलेल्या वेळात पश्चिम सिडनीतल्या दोन डझन व्यावसायिक फुटबॉलपटूंचे घोटे, मांड्या आणि गुडघे. पुण्याच्या शाळेत पी.टी.च्या तासाला न चुकता आजारपणाची चिठ्ठी आणणाऱ्या मुलाला नशिबाने दिलेली ही शिक्षा असावी. मी स्वतः शस्त्रक्रिया करत नाही. कोणाची करायला हवी आणि किती घाईने, एवढं लिहून देतो.

या इंग्लिश माणसाची कारकीर्द मी त्याच्या पायांवरून वाचली. सोळाव्या वर्षी शाळा सोडून तो उत्तर इंग्लंडमधल्या एका क्लबात उमेदवारीला लागला. उमेदवारी म्हणजे मोठ्या खेळाडूंचे बूट घासणं. तळाच्या खिळ्यांमधला चिखल तो लोणी लावायच्या सुरीने काढायचा. एकोणिसाव्या वर्षी पहिला सामना खेळला, त्यात पहिला अर्धा तास कोणी त्याच्याकडे चेंडूच दिला नाही. मग चौदा वर्षांत सहा क्लब, बहुतेक दुसऱ्या नाहीतर तिसऱ्या श्रेणीतले. डाव्या नडगीवरचा व्रण एका गावाचा, उजव्या घोट्यातले दोन स्क्रू दुसऱ्या गावाचे. सर्वोच्च श्रेणीत तो एकूण वीस मिनिटं खेळला, एका दुपारी, बदली म्हणून. त्या वीस मिनिटांत चेंडू त्याच्याकडे सहा वेळा आला आणि सहाही वेळा त्याने तो आपल्याच माणसाला दिला. हे तो हवामान सांगावं तसं सांगायचा.

तेहतिसाव्या वर्षी बायको आणि दोन मुलींना घेऊन तो दोन वर्षांच्या करारावर सिडनीला आला. मला फुटबॉल कळत नव्हतं, ते थोडंफार त्याच्यामुळे कळायला लागलं. चेंडूमागे तो धावताना फारसा दिसायचा नाही. चेंडू जिथे येणार असेल तिथे तो आधीच उभा असायचा, बसची वेळ माहीत असलेल्या माणसासारखा. लोक गोल करणाऱ्याच्या नावाने ओरडत तेव्हा तो मोजे वर ओढत असायचा.

आता माझ्या एका खोडीबद्दल सांगायला हवं, कारण पुढचं सगळं तिच्यापाशी येऊन थांबतं.

मी डॉक्टरकी शिकलो पुण्याच्या सरकारी रुग्णालयात. तिथे बाह्यरुग्ण विभागाची रांग उजाडायच्या आत लागायची, आणि रांगेतल्या प्रत्येकाला ठाऊक असायचं की जो कण्हतो तो आधी आत जातो. त्यामुळे मुरगळलेल्या पायाचा माणूसही "जीव चाललाय डॉक्टर" म्हणायचा. त्यात लबाडी नव्हती. गर्दीत दिसायचं असेल तर हात उंच करावा लागतो, तसंच ते होतं. आमच्या वरिष्ठांनी पहिल्याच आठवड्यात सांगितलं होतं की रुग्ण सांगेल त्याच्या निम्मं धरायचं. मी धरायला लागलो. ऑस्ट्रेलियात वीस वर्षं काढली, उच्चार बदलले, दुपारला आर्वो म्हणायला लागलो, घराच्या मागे बार्बेक्यू आणला. निम्मं धरायची सवय मात्र विमानातून सोबत आली होती आणि तिला कुठल्याच कस्टम्सवाल्याने अडवलं नाही.

मिडफिल्डरच्या धंद्याची सवय नेमकी उलटी होती. पण ते मला नंतर कळलं.

साथ आली त्या मार्चमध्ये आमचा शेवटचा सामना रिकाम्या स्टेडियममध्ये झाला. विसाव्या मिनिटाला त्याचा उजवा पाय गवतात रुतला आणि शरीर वळलं. तो उठला, गुडघा दोनदा झटकला आणि नव्वद मिनिटं पूर्ण खेळला. दोन दिवसांनी स्पर्धा बंद झाली, मग दवाखाना बंद झाला, आणि सरकारने आम्हाला सांगितलं की रुग्ण शक्यतो पडद्यावर तपासावेत.

पडद्यावर घसा बघता येतो, पुरळ बघता येतं, माणसाचं रडणं बघता येतं. गुडघा हाताने बघायचा असतो. हे मला तेव्हाही माहीत होतं. तरी मी व्हिडिओवर त्याचा गुडघा तपासला.

फोन त्याच्या बायकोने धरला होता. तो सोफ्यावर पाय पसरून बसला होता, चेहरा हसरा.

"कसं आहे?" मी विचारलं.

"थोडं आखडलंय, डॉक. बाकी नो ड्रामा."

गुडघा अडकतो का, असं मी विचारलं. नाही म्हणाला. सरळ होतो का विचारलं तर त्याने पाय सरळ केला. पडद्यावर तो सरळ दिसला. त्याच आठवड्यात क्लबने सगळ्यांना ईमेल पाठवला होता की या कठीण काळात संघ 'सुटसुटीत' करावा लागेल. त्याचा करार मोसमाबरोबर संपत होता. त्याला आणखी एक मोसम हवा होता, फक्त एक. तेवढ्यात थोरल्या मुलीची शाळा पुरी झाली असती आणि मग त्याने आनंदाने बूट टांगले असते. हे त्याने मला अनेकदा सांगितलं होतं. मला ते माहीत होतं, म्हणून तरी मी जास्त नीट विचारायला हवं होतं.

थोडं आखडलंय, असं तो म्हणाला. मी त्याचं निम्मं धरलं. सर्जनकडे पाठवायच्या फॉर्मवर तीन चौकटी होत्या: ताबडतोब, लवकर, थांबू शकतं. मी तिसरीवर खूण केली. स्कॅन नंतर करू, असं लिहिलं, कारण घराबाहेर पडायला तेव्हा कारण लागायचं आणि त्याचं कारण मला पुरेसं वाटलं नाही. आठवडाभरात ठरवून करायच्या शस्त्रक्रिया थांबल्या. पहिल्या चौकटीतले लोक टेबलावर जात राहिले. तिसऱ्या चौकटीतले घरी बसले.

सात आठवड्यांनी दवाखाना उघडला. तो आत आला आणि मी गुडघ्याखाली हात घातला. पाय टेबलाला टेकत नव्हता. मधे माझी मूठ आरामात जात होती. अर्ध्या मिनिटात मला सगळं कळलं. अर्धं मिनिट, दोन हात, बस. स्कॅनने नंतर तेच सांगितलं, फक्त महाग शब्दांत. गुडघ्यातली गादी फाटून तिचा पट्टा सांध्यात अडकला होता आणि या सात आठवड्यांत तो चिरडून निघाला होता.

शस्त्रक्रियेनंतर सर्जनचा फोन आला. चांगला माणूस, कमी बोलणारा.

"आधी आला असता तर शिवता आलं असतं," तो म्हणाला. "आता शिवण्यासारखं काही उरलं नव्हतं. काढून टाकलं. पळायचं विसरायला सांग." मग त्याने विचारलं, "थांबू शकतं, असं कोणी लिहिलं होतं?"

त्याला उत्तर माहीत होतं. सही माझीच होती.

मी मिडफिल्डरच्या घरी गेलो. तोपर्यंत अंगणात, दोन हात अंतरावर, बसायची परवानगी मिळाली होती. मला वाटलं होतं की मी माफी मागेन. प्रत्यक्षात मी भांडलो. तू खोटं का बोललास, असं मी त्याला विचारलं, आणि आवाज इतका चढला की त्याच्या मुली खिडकीत आल्या.

त्याच्या बायकोने मग खरं काय ते सांगितलं. व्हिडिओच्या आधी तो पाऊण तास गरम पाण्याच्या टबमध्ये बसून गुडघा हलवत होता, अडकलेला पट्टा सुटेपर्यंत. सुटल्यावर घाईने सोफ्यावर येऊन बसला आणि तिला म्हणाला, आता लाव फोन, लवकर. गुडघा पायाच्या वजनाने सरळ राहावा म्हणून टाचेखाली त्याने उशी ठेवली होती आणि ती दिसणार नाही असा फोन तिला धरायला लावला होता. हे सांगताना ती माझ्याकडे बघत नव्हती, त्याच्याकडे बघत होती, आणि तिच्या नजरेत माझ्यासाठीसुद्धा दया उरली होती. ती मला नको होती.

"सोळाव्या वर्षी, पहिल्या दिवशी," तो म्हणाला, "बूट घासताना एका म्हाताऱ्या डिफेंडरने सांगितलं. फिजिओच्या टेबलावर जो झोपतो, त्याचा शर्ट शनिवारी दुसऱ्याच्या अंगावर असतो. अठरा वर्षं मी कुठल्याही डॉक्टरला निम्म्याच्या वर दुखणं सांगितलेलं नाही. तुला वाटलं मी थोडं म्हणालो म्हणजे थोडं?"

मी त्याला पुण्याच्या रांगेची गोष्ट सांगितली. आम्ही काय धरायचो, तेही सांगितलं.

तो हसला, पण त्यात गंमत नव्हती.

"म्हणजे मी निम्मं सांगितलं आणि तू त्याचं निम्मं केलंस. छान, डॉक. पाव गुडघ्यावर उपचार झाले."

गाडीत बसल्यावर मी स्टिअरिंगवर हात आपटला. राग कोणाचा होता ते मी नीट ठरवू शकत नाही. त्याच्या म्हाताऱ्या डिफेंडरचा होता, माझ्या वरिष्ठांचा होता. दोघेही आपापल्या जागी बरोबर होते आणि दोघांच्या मध्ये एक गुडघा सापडला. पडद्यावरून गुडघे तपासायला सांगणाऱ्यांचा होता, पण त्यांनी मला 'शक्यतो' म्हटलं होतं. 'शक्य नाही' हे म्हणायचं काम माझं होतं. सगळ्यात जास्त माझाच होता, आणि तो अजून आहे. वय झाल्यावर राग निवळतो असं म्हणतात. मी वाट बघतो आहे.

क्लबने मात्र या प्रसंगाचं सोनं केलं. जुलैमध्ये, म्हणजे तिथल्या हिवाळ्यात, सामने पुन्हा सुरू झाले, प्रेक्षकांशिवाय, आणि क्लबने ठरवलं की मिडफिल्डरला निरोप द्यायचा तो जंगी. करार वाढवायला जमलं नाही, पण निरोपाला जमलं. कार्यक्रमांच्या व्यवस्थापकाच्या गळ्यात तीन ओळखपत्रं होती आणि त्याला माझ्याकडून एक पत्र हवं होतं: खेळाडू मैदानाला एक फेरी काठीशिवाय मारू शकतो.

"काठी नको, मेट," तो म्हणाला. "फ्रेममध्ये बरी दिसत नाही."

मी म्हणालो की गुडघाही बरा दिसत नाही, आणि तो तर तुम्ही दाखवणारच आहात. पत्र दिलं नाही. त्या वर्षात मी कोणाला स्पष्ट नाही म्हटल्याची ही पहिली वेळ होती, आणि तिचा उपयोग शून्य होता, कारण मिडफिल्डरने स्वतःच होकार दिला. मी त्याला फोन करून वेडा आहेस का म्हणालो. मुली बघणार आहेत, एवढंच तो म्हणाला, आणि फोन ठेवला.

त्या दिवशी मैदानात यायची परवानगी मोजक्या लोकांना होती. डॉक्टर म्हणून मी त्यात होतो. खुर्च्यांवर पुठ्ठ्याची माणसं बसवली होती. चाहत्यांनी आपापले फोटो पाठवले होते, आणि एकाने आपल्या कुत्र्याचा. माझी मुलगी घरी टीव्हीवर बघत होती. तिचा मेसेज आला: "बाबा, इज दॅट क्राउड रिअल?" लाउडस्पीकरवरून जुन्या कुठल्यातरी सामन्याचा जल्लोष वाजत होता. एका खोलीत बसलेला तंत्रज्ञ तो जल्लोष बटणाने कमीजास्त करत होता.

दोन्ही संघ समोरासमोर रांगा करून उभे राहिले, दोन हात अंतर राखून. अध्यक्षांनी मुखपट्टी काढून भाषण केलं. या वेळी आडनाव बरोबर आलं. आपण सगळे एक कुटुंब आहोत, ते म्हणाले, आणि या माणसाने आपलं शरीर या मैदानावर ठेवलं. ते चूक होतं. जे ठेवायचं होतं ते त्याने ऑपरेशन थिएटरमधल्या एका स्टीलच्या वाटीत ठेवलं होतं, आणि ते तिथे का गेलं हे त्या मैदानात दोनच माणसांना ठाऊक होतं. एक रांगांच्या मधून चालत होता. दुसरा बाकावर, हातात बर्फाची पिशवी घेऊन बसला होता.

मोठ्या पडद्यावर त्याच्या कारकिर्दीची फिल्म दाखवली. इंग्लंडमधली चौदा वर्षं तीत सव्वा मिनिटात आटोपली. मग त्याला फेरीला निघायला सांगितलं. तंत्रज्ञाने बटण दाबलं आणि पुठ्ठ्याची माणसं टाळ्या वाजवायला लागली.

तो निघाला. काठी नव्हती. कोपऱ्यावर वळताना त्याने उजवा पाय पूर्ण न टेकता शरीर फिरवलं, इतक्या सफाईने की कॅमेऱ्यात कोणाला कळलं नसेल. मी मनात म्हणालो की हा अजूनही निम्मंच दाखवतोय. मी ते दुप्पट करून धरलं. तेव्हा कुठे मला बरोबर आकडा आला.

टाळ्यांची ध्वनिफीत चार मिनिटांची होती. त्याला फेरी पूर्ण करायला अकरा मिनिटं लागली.