टोपी, पट्टा, शिट्टी जमा

उत्तर सिक्कीममधल्या पोस्टवर मी पोहोचलो तेव्हा सकाळचे साडेनऊ झाले होते. मी लान्स नाईक होतो. ज्यांच्या जागी आलो ते नाईक यशवंत त्याच दिवशी परतणाऱ्या कॉलमबरोबर, म्हणजे जवानांच्या तुकडीबरोबर, रजेवर उतरणार होते. लीव्ह सर्टिफिकेट त्यांच्या खिशात होतं. त्यांनी माझ्या पाठीवरचा पिठ्ठू उतरवून घेतला आणि पोस्ट कमांडरना म्हणाले, "साब, तीन दिन दे दो. आदमी नया है."

तीन दिवस त्यांनी मला गस्तीच्या वाटेवर चालवलं. पहिल्या दिवशी ते पुढे, मी मागे. दुसऱ्या दिवशी मी पुढे. तिसऱ्या दिवशी बंकरमध्ये बसवून डोळे मिटायला लावले आणि सगळी वाट तोंडी म्हणून घेतली. दोरी कुठे धरायची, कुठे बोलायचं नाही, वारा कुठून आला की परत फिरायचं. दोन ठिकाणी चुकलो. पुन्हा पहिल्यापासून म्हणायला लावलं. याला सैन्यात हँडिंग-टेकिंग म्हणतात. ते झाल्याशिवाय पोस्ट एका हातातून दुसऱ्या हातात जात नाही.

हे आज आठवण्याचं कारण जॉइनिंग बोनस.

मी कामशेतच्या शाळेत शिकलो. घरात माझ्याआधी कुणी दहावीच्या पुढे गेलं नव्हतं. सैन्यात असतानाच बाहेरून बी.ए. केलं आणि चोवीस वर्षांनी नायब सुभेदार म्हणून निवृत्त झालो. त्या पदवीमुळेच आंबीच्या एका शीतगृहात सिक्युरिटी आणि सेफ्टी इनचार्जची खुर्ची मिळाली. कंपनीने मला मान दिला, हे मी विसरलेलो नाही. पण वैतागलोय, हेही खरं.

आमच्याकडे गार्ड टिकत नव्हते. म्हणून एचआरच्या अपर्णा मॅडमनी गेटवर बोर्ड लावला: 'गार्ड पाहिजेत. आकर्षक जॉइनिंग बोनस.' अर्धा पहिल्या पगाराबरोबर, अर्धा नव्वद दिवसांनी. माणसं आली. नव्वद दिवस एकही खाडा नाही. एक्क्याण्णवाव्या दिवशी फोन बंद. दोन गेट सोडून पलीकडच्या कंपनीतही तसाच बोर्ड होता. पुढच्या आठवड्यात आमचा गार्ड तिथे सॅल्यूट मारताना दिसायचा. मला बघून हसायचासुद्धा. मी भरती झालो तेव्हा मला एक नंबर आणि एक ट्रंक मिळाली होती, आणि डोक्यावरचे केस गेले होते.

मी मॅडमना विचारलं, "येणाऱ्याला देता. राहणाऱ्याला काय?"

"सर, रिटेन्शनचं बजेट वेगळं असतं."

"मग ते कुठे आहे?"

"या वर्षी नाहीये."

गेट नंबर दोनवर सखाराम आबा होते. बेडशाचे. माझ्याच पलटणीतून माझ्याआधी निवृत्त झालेले. नऊ वर्षं तेच गेट. मुलाचं काम सुटलं होतं, सुनेला दिवस गेले होते, घर आबांच्या पगारावर चालत होतं. एका सकाळी ते माझ्या टेबलापाशी आले.

"साहेब, म्या राजीनामा दिला आन् परत भरती झालो, तर मलाबी बोनस मिळंल का वो?"

मला चेष्टा वाटली. "आबा, आधी चहा घ्या."

"चहा घेतलाय. नऊ वर्सं त्योच घेतोय."

सोमवारी त्यांनी खरोखर राजीनामा आणून ठेवला. मी अर्धा तास समजावलं. ऐकेनात. "नवा हाय त्याला पैसं. मग म्याबी नवा हुतो." शेवटी रागाच्या भरात मी क्लिअरन्स फॉर्म पुढे ओढला. फॉर्मवर रकाने होते: टोपी, पट्टा, शिट्टी, टॉर्च, आयकार्ड. सगळं जमा. मी सही केली. नऊ वर्षांचा माणूस दहा मिनिटांत मोकळा झाला.

दोन आठवड्यांनी ते भरतीचा फॉर्म घेऊन आले. मॅडमनी पॉलिसी वाचून दाखवली. सोडून सहा महिने झाल्याशिवाय परत घेता येत नाही. म्हणजे बोनस नाही आणि नोकरीही नाही. आबा गेटबाहेरच्या कट्ट्यावर बसून राहिले. दुसऱ्या दिवशी पुन्हा आले. तिसऱ्या दिवशीही आले. मला त्यांचाही राग आला होता, आणि पॉलिसीचाही.

त्या तिसऱ्या दिवशी, सकाळी दहा चाळीसला, मशीन रूममधल्या एका व्हॉल्व्हमधून अमोनिया सुटला. सायरन वाजला. मी ब्रीदिंग सेट घालून आत जायच्या तयारीत होतो. पॅकिंग हॉलमधून चौतीस बायका बाहेर पडत होत्या. बाहेर पडायच्या वाटेचा बाण त्यांना गेट दोनकडे नेत होता. वारा तिकडे जात असेल तर गॅसही तिकडेच जाणार होता. तिथल्या गार्डचा तो अकरावा दिवस होता.

मी वायरलेस सेटवर विचारलं, "गेट दोन, वारा कुठून आहे? विंडसॉक बघ."

"सर, विंडसॉक म्हणजे?"

"छपरावरची केशरी पिशवी!"

"सर, इथून नाही दिसत."

गेटवरून ती दिसत नाहीच. चार पावलं नळापाशी सरकावं लागतं. हे त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.

तेवढ्यात सेटवर दुसरा आवाज आला. "साहेब, सखाराम. वारा पवनेकडून गेट दोनवर येतोय. बायांना मागल्या फाटकानं काढतो."

"काढा."

आबा बॅरियरखालून आत शिरले होते आणि गार्डच्या हातातला सेट त्यांनी घेतला होता. ओला टॉवेल तोंडाला बांधून ते बायकांना आडवे गेले. "ए बायांनो, मागं फिरा! बाणाकडं बघू नका, माझ्याकडं बघा!" मागच्या फाटकाची कडी अडकते. ती वर उचलून खाली लाथ मारावी लागते. आबांनी मारली.

दहा अठ्ठावन्नला व्हॉल्व्ह बंद झाला. मागच्या फाटकाबाहेर मी मोजणी घेतली. चौतीस. दोघींचे डोळे आणि घसा जळजळत होता. त्यांना तळेगावच्या दवाखान्यात नेलं. संध्याकाळी दोघी घरी होत्या.

आबा नळावर डोळे धूत होते. मला वाटलं, आता नोकरीचं विचारतील.

"साहेब," ते म्हणाले, "म्या हँडिंग न देता गेलतो. पोस्ट तशीच सोडली."

"सही माझी होती, आबा."



चार दिवसांनी हेड ऑफिसने अपवाद म्हणून आबांना परत घेतलं. पगार जुनाच. बोनस लागू नाही, असं पत्रात वेगळं लिहिलं होतं. ते मी वाचून दाखवलं. आबा म्हणाले, "ऱ्हाऊ द्या. पर जो जाईल त्याला तीन दिस नव्यासंगं ठिवा."

मी क्लिअरन्स फॉर्मवर हँडिंग-टेकिंगचा एक रकाना मागितला. उत्तर आलं: फॉर्मचं फॉरमॅट बदलता येत नाही. बोनसचा बोर्ड अजून गेटवर आहे. आता मी आयकार्डच्या रकान्याखाली पेनाने लिहितो, 'हँडिंग-टेकिंग, तीन दिवस', आणि ते झाल्याशिवाय सही करत नाही. मॅडमनी एक केलं, त्यांचे आभार. बोनसचा दुसरा अर्धा भाग आता माझ्या सहीनंतरच निघतो.

गार्ड कुरकुरतात. "सर, तीन दिवस कशाला? एका तासात दाखवतो की." मी त्यांना खाली बसवतो आणि नाईक यशवंतांचं सांगतो.

चौथ्या दिवशी सकाळी आठ वाजता ते निघाले. निघताना म्हणाले, "वाट म्हण." मी न चुकता म्हटली. "ठीक," म्हणाले आणि उतरायला लागले. नऊ पन्नासला सेटवर आवाज आला, "कॉलम पे बर्फ आ गया. एक आदमी मिसिंग." दुपारी यशवंतांचा देह सापडला. लीव्ह सर्टिफिकेट खिशातच होतं. तीन दिवसांपूर्वी उतरलेला कॉलम सुखरूप पोहोचला होता.

मी त्या वाटेवर सात महिने चाललो. माझ्या जागी नवा माणूस आला तेव्हा माझीही रजा मंजूर होती. मी त्याचा पिठ्ठू उतरवून घेतला आणि पोस्ट कमांडरकडे तीन दिवस मागितले.