टिकलीआडचा लाल दिवा

मने, सरक जवळ, पत्रातच का होईना. फोनवर दोन मिनिटं बोलतेस आणि ‘आत्या, पप्पांबद्दल लिहून पाठव’ म्हणून मोकळी होतेस! बाप म्हणजे काय किराण्याची यादी आहे का गं?

तुझ्या पप्पांना आमच्या सिडकोतल्या गल्लीत सगळे शूटिंगवाला म्हणायचे. पण शूटिंगवाल्याला चेहरा धरवत नसे. पिंपळगावच्या एका लग्नाची कॅसेट पाहून नवरीचा बाप घरी आला, “अहो, पोरगी कुठंय माझी? नुसत्या चपला न् हात!” हा नंतर मला म्हणाला, “ताई, चेहऱ्याला फोटोची सवय असते. हातांना नसते.” पुढे लग्नं सोडली आणि घरच्यांच्या आठवणींची फिल्म करायला घेतली. कुणाला कळली नाही, पण त्याला ध्यास होता.

कॅमेऱ्याचा लाल दिवा पेटला की माणसं आखडतात म्हणायचा. म्हणून आधी हात पुढे, “ताई, एक टिकली दे.” ती दिव्यावर चिकटवायची. आरशावरची टिकली मीच काढून द्यायची.

त्या दिवशीही दिली आणि विसरले. कॅमेरा गव्हाच्या डब्यावर, मी मेथी निवडत होते. त्यानं सहज विचारलं, “ताई, तुझी शाळा का सुटली गं?” दिवा दिसला असता तर गप्प बसले असते. म्हणाले, “तू रांगता होतास. आई सटाण्याला कांद्याच्या खळ्यावर जायची. तुला सांभाळायला मी. आईनं तुझ्यासाठी माझा बळी दिला.”

फिल्म एका हॉलमध्ये लोकांना दाखवली तेव्हा आई ठेवणीतलं लुगडं नेसून पहिल्या रांगेत बसली होती. पडद्यावर माझे हात, मेथी आणि ते वाक्य. लोकांनी टाळ्या वाजवल्या. रिक्षात आई तिच्या अहिराणीत एवढंच म्हणाली, “मनं काय चुकनं, बाई?” त्यानंतर दोन वर्षं, मरेपर्यंत, ती माझ्याशी बोलली नाही. माझ्या हातचं पाणीसुद्धा घेतलं नाही.

मी त्याला म्हटलं, “काढून टाक ते.”

“ताई, तेवढंच तर खरं आहे. ते काढलं तर उरतं काय?”

“आई उरते.”

त्यानं काढलं नाही. मी राखी पाठवणं बंद केलं. दारात येऊन उभा राहायचा, मी चहा विचारायची नाही. आता तोही गेला. तू सामान आवरताना कॅमेरा माझ्याकडे पाठवलास ना, त्यावर माझी टिकली तशीच आहे. मी काढली नाही.

एक त्यानं विचारलं नाही, मी सांगितलं नाही. आईला अक्षर येत नव्हतं, पण खळ्यावरून येताना रोज रद्दीतला पेपर पदराखाली आणायची. “वाच,” म्हणायची. त्यावरच मी शिकले, त्यावरच हे लिहितेय. ते कुठल्याच कॅसेटमध्ये नाही.

तूही कॅमेरा घेतलायस म्हणे. मग लवकर ये. गुडघे कुरकुरतात, पण मेथी आणून ठेवीन. टिकली मात्र मागू नकोस. या वेळी लाल दिवा मला दिसला पाहिजे.