गवती चहातल्या गोगलगायी

माझं तोंड हा आमच्या घरातला जुना प्रश्न आहे. दिसायला ते बेताचंच, पण त्याबद्दल कुणाची तक्रार नाही. तक्रार ही की एखाद्या गोष्टीची किळस आली की ते मला न विचारता वाकडं होतं. वरचा ओठ डावीकडे सरकतो, एक डोळा बारीक होतो, हनुवटीला सुरकुत्या पडतात. बायको म्हणते, दुधाच्या पातेल्यात झुरळ सापडलेला माणूस जसा दिसेल तसे तुम्ही निम्मा वेळ दिसता.

म्हणून मागच्या ऑक्टोबरात आम्ही तिघं मॉरिसव्हिलहून शार्लटला निघालो, तेव्हा मुलीनं मागच्या सीटवरून आधीच बजावलं.

"बाबा, प्रॉमिस कर. नो फेस."

"कसला फेस?"

"तो. आत्ता करतोयस तो."

"आणि आज उपास आहे म्हणून सांगायचं नाही," बायको म्हणाली. "तुमचे उपास मला माहितीयत."

उपासाला इतिहास आहे. पूर्वी एकदा ऑफिसच्या डिनरला एका फ्रेंच रेस्टॉरंटमध्ये माझ्यासमोर हुबेहूब आप्पेपात्रासारखी बशी आली होती. सहा खळगे, प्रत्येकात लसूण घातलेलं उकळतं बटर. मी आनंदानं वाकून पाहिलं, तर प्रत्येक बटरच्या डबक्यात एकेक गोगलगाय पोहत होती. मी ताबडतोब चतुर्थी जाहीर केली. त्या दिवशी तिथी कुठली होती देव जाणे. मग रात्रभर पावही खाता आला नाही.

पण या वेळी खरंच चालणार नव्हतं. मुलीला ज्याच्याशी लग्न करायचंय त्याच्या आईकडे आम्ही पहिल्यांदा जेवायला चाललो होतो. त्या व्हिएतनामहून आलेल्या, नवरा लवकर गेला, मुलाला एकटीनं वाढवलं. मुलगा गुणी, पण आईच्या शब्दाबाहेर नाही. आणि आईनं सांगून ठेवलं होतं की आधी मुलीचे आईवडील जेवायला येऊ देत, माणसं जेवताना कळतात. मेन्यूही मुलगी सांगून चुकली होती. त्यांच्या हातच्या गोगलगायी.

आता कुणी म्हणेल, तुम्ही किनाऱ्याकडचे, तिसऱ्या शिंपल्यांसकट चोखता, कालवं बघून पाघळता, मग गोगलगायीनं काय घोडं मारलंय? बायको जन्माची शाकाहारी. ती हा प्रश्न गेली तीस वर्षं विचारते आहे. माझं उत्तर असं की तिसरी गप्प पडून असते. ती कुठे जात नाही, कुणाकडे बघत नाही. गोगलगाय चालते. सावकाश, सगळं अंग जमिनीवर घासत, मागे चकाकता शेंबूड सोडत चालते. आणि वर डोळे दांडीवर बाहेर काढून आपल्याकडे बघते.

एकदा एक माझ्या पोह्यांकडे आली होती. मुलगी तेव्हा सात वर्षांची. मागच्या अंगणात माझ्या मेथीच्या वाफ्यात तिला ती सापडली. तिनं ती सालसा सॉसच्या रिकाम्या बाटलीत ठेवली, झाकणाला भोकं पाडली, काकडीचे काप घातले, नाव ठेवलं. एका रविवारी सकाळी तिनं तिला फिरायला म्हणून डायनिंग टेबलवर सोडलं. मी पेपर बाजूला केला तर माझ्या बशीच्या कडेवर दोन शिंगं. मी काय केलं ते सांगायला आजही बरं वाटत नाही. पोह्यांवर घ्यायला मीठ हाताशी होतं. लिंबाच्या फोडीवर टाकावं तसं चिमूटभर टाकलं. फेस आला, ती आक्रसली, संपली. मुलगी समोरच उभी होती. चार दिवस माझ्याशी बोलली नाही. बायकोचं म्हणणं, पोरीला मिठाचं कमी लागलं, तुमच्या तोंडाचं जास्त लागलं. तुम्ही तिच्या जिवलगाकडे त्या तोंडानं बघत होता.

म्हणजे 'नो फेस' हे नुसतं जेवणाबद्दल नव्हतं. ते मला कळत होतं, म्हणून मी प्रॉमिस केलं.

होणाऱ्या विहीणबाई ठेंगण्या, हसऱ्या, चपळ. इंग्रजी थोडं बोलतात, बाकीचं मुलगा भाषांतर करतो. दारातूनच मला वास आला आणि मी सुखावलो. गवती चहा आणि आलं! म्हटलं, वा, आधी चहा दिसतोय. सकाळी सहाला आमच्या ओट्यावर हाच वास असतो.

चहा नव्हता. मोठ्या पातेल्यात गवती चहाच्या जुड्या आणि आल्याच्या चकत्या, आणि त्यात लिंबाएवढ्या काळ्या-हिरव्या गोगलगायींचा ढीग. वाफ येत होती. शेजारी खारवलेल्या माशांच्या पाण्यात मिरची घालून केलेली चटणी आणि एका वाटीत सेफ्टी पिना. पिना! माझ्या काकूच्या बांगडीला लटकायच्या त्या. बायकोला टोफू आणि मश्रूम मिळालं. तिनं माझ्याकडे बघून नॅपकिन मांडीवर पसरला. नाटकाचा पडदा उघडायच्या आधी प्रेक्षक नीट सावरून बसतात, तशी.

विहीणबाईंनी करून दाखवलं. शंख धरायचा, तोंडावरचं नखासारखं झाकण पिनेनं उडवायचं, मांसात पिन खुपसायची आणि मनगट फिरवून ओढायचं. पुढचा भाग रबरी, करडा. त्यामागून एक मऊ, काळपट, पीळदार शेपूट निघत जातं, निघतच जातं. ते चटणीत बुडवून तोंडात टाकायचं. त्यांनी माझ्या बशीत मोजून आठ वाढल्या.

इथे माझ्यावरचे संस्कार आडवे आले. आमच्याकडे दोन नियम होते. पानात काही टाकायचं नाही, आणि नावडतं आधी संपवायचं. कारल्याची भाजी पहिल्या तीन घासांत गिळायची, मग उरलेलं जेवण आपलं. मी तेच केलं. श्वास रोखला, भिंतीवरच्या कॅलेंडरवर नजर लावली आणि पिन चालवत सुटलो. दातांना काही कळू द्यायचं नाही असं ठरवलं होतं, पण ते न चावता घशाखाली जातच नव्हतं. चावलं की आधी कुरकुर, मग बुळबुळ, मग तळ्याच्या चिखलाची चव, आणि सगळ्यावर माझ्या सकाळच्या चहाचा वास. तरी ओठ जागेवर होता. पाच मिनिटांत बशी साफ. मुलीनं टेबलाखालून माझ्या पायाला पाय लावला. शाबासकी होती.

विहीणबाईंचा चेहरा उजळला. त्या मुलाला काहीतरी म्हणाल्या.

"आई म्हणते, इतक्या भराभर खाणारा माणूस तिनं बघितला नाही," मुलगा म्हणाला. "तिला फार आनंद झालाय."

आणि त्यांनी आणखी दहा वाढल्या. मी बशीवर हात आडवा धरला, तर हाताखालून वाढल्या. मी स्वतः पाहुण्यांच्या पानात श्रीखंड असंच वाढतो, त्यामुळे तक्रार करायला तोंड नव्हतं.

दुसऱ्या खेपेला दाताखाली कचकच लागली. बारीक, वाळूसारखी. मी चावत चावत सभ्यपणे विचारलं, "नीट धुतल्या नाहीत बहुतेक?"

"नाही नाही, काका," होणारा जावई म्हणाला. इतकं मराठी त्याला मुलीनं शिकवलंय, पुढचं इंग्रजीत. "ती पिल्लं आहेत. या गोगलगायी पोटात पिल्लं वाढवतात, इवल्याशा शंखांसकट. तोच तर बेस्ट पार्ट."

घास माझ्या तोंडात होता. पोटात पिल्लं असलेली आई, आणि ती पिल्लं माझ्या दाढेत. ओठ निघाला. मला कळत होतं की तो निघालाय. डावीकडे, अगदी टोकापर्यंत. डोळा मिटला, हनुवटी गोळा झाली. थांबवणं माझ्या हातात नव्हतं.

मी एका डोळ्यानं मुलीकडे पाहिलं. ती खाली बशीत बघत होती. सात वर्षांची असताना बघत होती तशीच. मला वाटलं, संपलं. पुन्हा एका चिमटीत मी तिचं सगळं संपवलं.

विहीणबाई माझ्याकडे टक लावून बघत होत्या. मग त्यांनी टाळी वाजवली. "सेम फेस!" त्या ओरडल्या, "सेम, सेम!" आणि मुलाला भराभर काहीतरी सांगू लागल्या.

"आई म्हणते," तो बिचारा मनापासून सांगू लागला, "ही पण गोगलगायी खाताना अगदी अस्संच तोंड करते. दोन वर्षांपूर्वी पहिल्यांदा आली त्या दिवसापासून. आईला तेव्हाच कळलं, इंडियन लोकांना एखादी गोष्ट फार आवडली की ते असं करतात. म्हणून ही येणार असली की आई मुद्दाम याच करते. आता तुमच्यावरून खात्रीच पटली."

मी मुलीकडे वळलो. ती कानापर्यंत लाल झाली होती. बायकोनं नॅपकिनमध्ये तोंड खुपसलं आणि तिला एकदम खोकला आला.

खरं सांगायची वेळ होती म्हणा. पण दोन वर्षं पोरीनं जे गिळलं होतं ते मी एका वाक्यात ओकून टाकणार का?

"हो," मी म्हणालो. "आमच्या घराण्यातच आहे ते."

त्यांनी उरलेल्या सगळ्या मला वाढल्या.

निघताना त्यांनी मुलीला मिठी मारली, बायकोला मारली, माझा हात दोन्ही हातांत धरला आणि एक मोठा गरम डबा दिला. कोण किती खातं त्यावरून माणूस ओळखणारी बाई, तिनं मला पुरतं चुकीचं ओळखलं होतं आणि पास केलं होतं. गाडीत डबा मांडीवर घ्यायला बायकोनं साफ नकार दिला. तो मागे मुलीकडे गेला.

"दोन वर्षं?" मी हायवेला लागल्यावर विचारलं.

"पहिल्या दिवशी त्यांनी स्वतः काढून भरवली रे. काय म्हणणार होते मी?"

"मग तोंड कशाला केलंस?"

"मी केलं? तुझंच आहे ते. कुठे रिटर्न करू?" मग जरा वेळानं ती म्हणाली, "दर वेळी मला ती आठवते. बाटलीतली."

वळण आलं, डब्यात शंख खडखडले. गवती चहाचा वास गाडीभर झाला होता. तेव्हापासून मी सकाळी कोरी कॉफी घेतो.

"मी मीठ टाकायला नको होतं," मी म्हणालो. एवढ्याला एकोणीस वर्षं लागली.

"हं," ती म्हणाली. मग फोन बघून, "त्यांचा मेसेज आलाय. डिसेंबरात तारीख ठरवायला आपल्याकडे येतायत. तुझ्यासाठी दहा पौंड आणणारेत. पिल्लंवाल्या."

ओठ निघालाच. मी आरशात पाहिलं. मागच्या सीटवर, डबा मांडीवर घेऊन, तेच तोंड बसलं होतं.