क्लाराबाईंचं निळं फूल

काल नातीने दुकानातून जेन्शियनच्या फुलझाडाची कुंडी आणली. तो गर्द निळा रंग पाहिला आणि त्रेसष्ट सालचं, इस्रायलमधल्या हैफातलं आमचं अंगण डोळ्यांपुढे उभं राहिलं.

शेजारच्या क्लाराबाई व्हिएन्नाच्या, एकट्याच राहायच्या. आल्प्स डोंगरावरचं हे झाड त्यांनी हैफाच्या उबदार हवेत लावलं होतं. कडक थंडीशिवाय ते फुलत नाही, म्हणून आमचे हे हिवाळाभर बर्फाच्या कारखान्यातून गोणपाटात गुंडाळून बर्फ आणून त्याच्या मुळाशी घालत. ओल्या गोणपाटाचा वास आला की माझा जीव जळायचा.

"माझ्या अबोलीला कधी तांब्याभर पाणी घातलंत?"

"अगं, अबोली इथे आपली आपण जगते. त्या बिचाऱ्या झाडाला थंडी कोण देणार?"

वसंतात फूल आलं. यांचा हात धरून क्लाराबाई रडल्या. देश सुटल्यापासून त्यांनी ते फूल पाहिलं नव्हतं. मला सगळं कळत होतं, तरी माझी नजर त्या हातावरून हलेना.

पुढच्या हिवाळ्यात बर्फ घालायला मीच जाऊ लागले. फूल पुन्हा उमललं, तेव्हा क्लाराबाईंनी मला आत कॉफीला बोलावलं. आमचे हे कुंपणापाशी तोंड पाडून घुटमळत राहिले.

"मला नाही विचारलं त्यांनी?"