चुकवलेली चिठ्ठी

ओहायोतल्या आमच्या आमिश, म्हणजे जुन्या रीतीनं राहणाऱ्या ख्रिस्ती लोकांच्या, वस्तीत रोमन राबरसारखा घोड्याचा साज शिवणारा दुसरा नव्हता, आणि त्याच्याइतकं डोकं खाणाराही नव्हता. "देवाला स्वतःलाच उचलता येणार नाही असा दगड करता येईल का?" हे त्यानं दहाव्या वर्षी बिशपना विचारलं, चाळिशीतही विचारतच होता. "हो म्हणालात तर उचलता येत नाही, नाही म्हणालात तर करता येत नाही. बोला!"

"तू आधी हा पट्टा पुरा कर," त्याचा मेहुणा एडन निस्ली चामड्याला भोकं पाडत म्हणायचा. "देवाचं तो बघून घेईल."

हे सगळं हसण्यावारी चाललं होतं. मग आमचे उपदेशक वारले. आमच्यात उपदेशक शिकून होत नाही. मंडळी नावं सुचवतात, जितकी नावं तितकी स्तोत्रांची पुस्तकं मांडतात आणि एकात चिठ्ठी घालतात. चिठ्ठी ज्याच्या हाती येईल त्याला देवानं निवडलं. जन्मभर, बिनपगारी, आणि नाही म्हणायची सोय नाही. तसा शब्द बाप्तिस्म्यालाच दिलेला असतो.

चार नावं निघाली. त्यात रोमन होता, एडनही होता. चारचौघांत बोलायला उभं राहिलं की रोमनची जीभ टाळ्याला चिकटायची.

"अहो, देव बघेल," त्याची बायको ऑर्फा म्हणाली.

"त्याचीच तर भीती वाटतेय!"

टेबलावर चार पुस्तकं होती, प्रत्येकाला रबर लावलेलं. वयानं मोठा म्हणून रोमन पहिला. आता चामड्याची जाडी नुसत्या नजरेनं ओळखणारा माणूस तो! तिसऱ्या पुस्तकाचं पान केसभर उचललेलं त्याला बसल्या जागेवरून दिसलं. हात तिकडेच निघाला होता. त्यानं तो वळवला आणि पहिलं पुस्तक उचललं.

एडननं तिसरं घेतलं.

बिशपनी रोमनचं पुस्तक उघडलं. रिकामं. एडनचं उघडलं आणि चिठ्ठी बाहेर काढली. बायकांच्या बाकांवरून मलिंदाचा, एडनच्या बायकोचा, म्हणजे रोमनच्या सख्ख्या बहिणीचा हुंदका आला. रोमनला वाटलं, जमीन पोटात घेईल तर बरं.

दोन आठवड्यांत एडन निम्मा झाला. जेवेना, कुणाशी बोलेना. पहिल्या उपदेशाला दोन दिवस राहिले तेव्हा रोमनला राहवेना. दुपारी दुकानाचं दार लावून त्यानं सगळं सांगून टाकलं. मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं त्याला.

एडननं हातातली आरी खाली ठेवली.

"म्हणजे ती चिठ्ठी तुझी होती."

"माझीच. मला माफ कर, एडन."

"माफी खड्ड्यात घाल!" एडन कधी नव्हे तो ओरडला. "मला एक सांग. तू देवाला खरंच चुकवलंस? तसं असेल तर ज्याला एक साज शिवणारा फसवतो त्याचा उपदेश मी कशाला करू? आणि त्याला कुणी चुकवूच शकत नसेल, तर तू काही केलंच नाहीस, मला त्यानंच बोलावलंय. दोन्हीतलं एक सांग. आयुष्यभर वाद घातलास ना? मग आज दे उत्तर. मला रविवारी उभं राहायचंय."

रोमनला मेहुण्याचे लाल डोळे तेवढे दिसत होते. अर्धवट उत्तर त्यानं जन्मात कुणाचं चालवून घेतलं नव्हतं, बिशपांचंसुद्धा.

"नाही," तो म्हणाला. "देवाला कुणी चुकवू शकत नाही. माझा हात त्यानंच वळवला."

"नक्की?"

"नक्की."

एडननं डोळे पुसले. त्या रात्री तो जेवला, असं मलिंदानं नंतर सांगितलं.

रविवारी तो उभा राहिला आणि कागदाविना पाऊण तास बोलला. "देवाचा हात कुणाला चुकवता येत नाही," त्यानं सुरुवात केली, "आणि हे मला अशा माणसानं सांगितलंय, जो पटल्याशिवाय कधी हो म्हणत नाही." सगळ्या माना कौतुकानं रोमनकडे वळल्या. ऑर्फा तर पलीकडच्या बाकावरून त्याच्याकडे बघून हसली. रोमन मान खाली घालून बसला. आपण मेहुण्याला खरं सांगितलं की खोटं, हे त्याचं त्यालाही कळत नव्हतं, आणि आता ते कुणाला विचारायचीही सोय राहिली नव्हती.