शॉर्टस्टॉपला पुरणपोळी

सिंगापूरमध्ये लाच देणं हा गंभीर गुन्हा आहे. आग्रह करण्यावर मात्र अजून कायदा झालेला नाही.

आमच्या रेवाला बेसबॉलच्या टीममध्ये शॉर्टस्टॉपची जागा हवी होती. दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मध्ये ओणवं उभं राहायचं आणि जमिनीलगत सुसाट येणारा चेंडू अडवायचा, असं ते काम. पोरीनं त्यासाठी वर्षभर घाम गाळला होता. (इथे तो तसाही गळतो, पण हिचा मेहनतीचा होता!) निवड शनिवारी चार वाजता होती आणि ती करणार होते कोच केंजी. हे गृहस्थ जपानमध्ये अख्खी कारकीर्द व्यावसायिक शॉर्टस्टॉप होते.

"म्हणजे त्यांना इतकी वर्षं ओणवं राहायचा पगार मिळाला?" ज्योतीनं, माझ्या बायकोनं, विचारलं.

"मग आयटीत मला दुसऱ्या कशाचा मिळतो?"

आणि तिथेच माझं डोकं चाललं. शनिवारी दुपारी कोचना घरी जेवायला बोलवायचं!

"बाबा, नो!" रेवा तिच्या सिंगापुरी इंग्रजीत किंचाळली. "ही विल थिंक इट्स अ ब्राइब, लाह!"

"लाच कसली गं? पुरणपोळी आहे ती!"

कोच आले. चोआ चू कांगच्या आमच्या फ्लॅटमध्ये इतकं लवून नमस्कार आजवर कुणीच केला नव्हता. मी लगेच चौकशीला लागलो.

"मग खेळ का सोडलात?"

"गुडघे गेले. कोच झालो."

"आमच्याकडेही तसंच. कोडिंग जमेनासं झालं की मॅनेजर करतात!"

"तुमचं कधी जमेनासं झालं?"

"मी... सुरुवातीपासूनच मॅनेजर आहे." (ज्योती उगाचच आमटी आणायला आत गेली.)

"बरं, इतक्या वर्षांत पायांमधून चेंडू कधी निसटला?"

"एकदा," कोच गंभीर झाले. "अजून स्वप्नात येतो."

मग पानं वाढली. ताटात कणही टाकायचा नाही, ही कोचची रीत. पाहुण्याचं ताट रिकामं दिसू द्यायचं नाही, ही आमची. ते संपवत होते, मी वाढत होतो!

"अहो, पुरे! त्यांचा चेहरा बघा," ज्योती कुजबुजली.

"आवडलीय त्यांना! बघ, परत संपवली!"

"व्हेरी नाइस," कोच म्हणाले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. मला वाटलं, आमटी झणझणीत झाली असेल. त्यांना सोबत म्हणून मीही हाणत होतो. रेवानं मात्र ताटावर हात आडवा धरला, "नको" म्हणाली आणि उठली.

चार वाजता मैदानावर कोच पोरांना चेंडू कसा अडवायचा ते दाखवायला उभे राहिले. चेंडू आला. कोच वाकायला गेले, पण पुरणानं परवानगी दिली नाही. चेंडू त्यांच्या पायांमधून थेट मागे! कोचनी आधी चेंडूकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आता पोरीची जागा गेलीच! काहीतरी करायलाच हवं म्हणून मी ओरडलो, "कोच, मी दाखवतो!" आणि दुसऱ्या बेसच्या जागी जाऊन क्रिकेटच्या सवयीनं एक गुडघा जमिनीला टेकला. चेंडू आला, पोटावर आदळला, थांबला. मी विजयानं हात वर केला. मग उठायला गेलो. उठेना!

"बाबा, गेट अप लाह!"

"उठतोय गं! जरा दम धर!"

शेवटी रेवाच पुढे झाली. वाकली, चेंडू उचलला, फेकला. पुढचा चेंडू आला, पुन्हा तेच. आणि पुन्हा. एकही निसटला नाही. मी तिथूनच टाळ्या वाजवल्या. हात तेवढे मोकळे होते.

"शॉर्टस्टॉप, रेवा," कोच जाहीर करून माझ्याकडे वळले. "तुमच्या घरात कधी थांबायचं ते हिलाच कळतं."

दोन भले पालक मला उचलायला धावले, पण कोचनी त्यांना अडवलं. दुसऱ्या बेसची पांढरी गादी, जिला स्पर्श झाला की धावणारा 'सेफ', म्हणजे बाद होत नाही, ती मांडायची राहूनच गेली होती. (ती काढायला कोचना बॅगेत वाकावं लागलं असतं!) कोचनी माझा पांढरा टी-शर्ट नीट निरखला आणि म्हणाले, "असू दे. हलत नाही, लांबूनही दिसतो."

आणि सराव सुरू झाला. पोरं धावत यायची, मला हात लावून पुढे पळायची. सगळ्यात शेवटी रेवा आली, माझ्या टकलावर थाप मारून म्हणाली, "सेफ!"