पाऊण किलोचं ओझं

दरवर्षी डोंगर चढणाऱ्या सहाजणांच्या गटाचं जेवण अठरा वर्षं त्यांच्यातल्याच कॅन्टीनच्या आचाऱ्याकडे होतं. पातेली, कांदे, बटाटे, तेल, सगळं त्याच्या पाठीवर. गुडघे कुरकुरायला लागले तरी पळी त्याने कुणाच्या हाती दिली नाही. आणि यंदा गटात आली औषधाच्या दुकानातली बाई. घरी शिजवून, ओव्हनमध्ये खडखडीत वाळवलेल्या जेवणाच्या पुड्या तिने दाखवल्या आणि गटप्रमुख मास्तर लगेच हरखले. आचाऱ्याच्या पोटात तेव्हापासून दुखत होतं.

मास्तरांनी तोडगा काढला. पहिले तीन दिवस बाईचे, पुढचे तीन आचाऱ्याचे. ज्याचं सरस ठरेल, पुढच्या वर्षीपासून जेवण त्या एकाकडेच.

निघायच्या आदल्या दिवशी तिचा फोन आला. "काका, कडधान्य शिजवून वाळवलंत ना?"

"कडधान्य मुळातच कोरडं असतं, बाई. तू तुझं बघ."

नेहमीप्रमाणे मास्तरांच्या दाराला काटा टांगून सॅक मोजल्या. आचाऱ्याची बाईपेक्षा पाऊण किलोने हलकी भरली. तो मिशीतल्या मिशीत हसला.

चौथ्या संध्याकाळी, ऐन उंचीवर, पातेलं दीड तास रटरटत होतं आणि दाणे दाताखाली कटकट वाजत होते. कॅन्टीनमध्ये सिलिंडर भिंतीपलीकडे असतो. कोरडं कडधान्य हलकं, पण उंचीवर शिजायला गॅस फार खातं आणि गॅसचंही वजन असतं, हे तीस वर्षं रांधणाऱ्या माणसाच्या डोक्यातच आलं नव्हतं. शेगडी फुरफुरून विझली. सहा भुकेली तोंडं त्याच्याकडे बघत राहिली.

बाईने सॅकच्या तळातून गॅसचे दोन छोटे डबे काढून हळूच त्याच्याजवळ ठेवले.

"तुझ्या पुड्यांना एवढा गॅस लागतो?"

"नाही, काका. फोनवर तुम्ही बोललात, तेव्हाच टाकले."

म्हणजे तो पाऊण किलो हाच! "मग काट्यापाशी का नाही बोललीस?"

"सगळ्यांसमोर?"

त्याला तिचा भयंकर हेवा वाटला. पुड्यांचा नव्हे. अठरा वर्षं त्याने ओझी वाहिली खरी, पण एकेका पातेल्याचं वजन चारचौघांना ऐकवल्याशिवाय कधी वाहिलं नव्हतं. हिने चार दिवस त्याचं ओझं वाहिलं आणि हूं की चूं केलं नाही.

कडधान्य शिजलं. मास्तर म्हणाले, "चव तुझ्याच हाताला, बाबा!" ते त्याला गोड लागलं नाही.

"मीठ बघ जरा," म्हणत त्याने पळी बाईच्या हातात दिली. देताना त्याचा जीव तिळतिळ तुटत होता.